गिनेस घराण्यातला महापौर: बिअरवाला राजकारणात कशाला गेला?

कडूकॉफी:
आयर्लंडमधल्या डब्लिनच्या सेंट पॅट्रिक्स कॅथेड्रलबाहेर (कॅथेड्रल म्हणजे मोठं मुख्य चर्च) बेंजामिन ली गिनेसचा पुतळा आहे. फोटो बघून मला वाटलं कोणी बिशप असेल, तर हा निघाला ब्रुअरीचा तिसऱ्या पिढीचा मालक, १८५१ चा डब्लिनचा लॉर्ड मेयर आणि १८६५ पासून खासदार पण. एवढा चालता धंदा सोडून हा माणूस महापालिकेच्या भानगडीत पडलाच कशाला? आणि दारूवाल्याला लोकांनी निवडून कसं दिलं, तेव्हा तिकडे दारू सोडवायची चळवळ चालू होती ना?

जुनं_दप्तर:
धंदा सोडला कुठे, दोन्ही बरोबरच चालू होतं. आणि पालिकेशी त्या घराण्याचा संबंध आजोबांपासूनचा, फक्त भांडणाचा. आजोबा आर्थर गिनेसनी १७५९ ला सेंट जेम्सेस गेटची ब्रुअरी ९००० वर्षांच्या (शून्य चुकून जास्त पडलेलं नाही) भाडेपट्ट्याने घेतली, वर्षाला ४५ पौंड. पाणी करारातच आलं असं त्यांचं म्हणणं. १७७५ ला पालिका म्हणाली तुम्ही ठरल्यापेक्षा जास्त पाणी ओढताय, आणि पाट बुजवायला शेरीफसकट माणसं पाठवली, तर हे स्वतः कुदळ हातात घेऊन आडवे उभे राहिले आणि शिव्या घालून सगळ्यांना परत लावलं. शेवटी काही वर्षांनी पाण्याचे पैसे द्यायचं ठरून ते मिटलं. ब्रुअरीचा जीव पाण्यात आणि पाण्याचा नळ पालिकेच्या हातात, मग नातू त्याच पालिकेत जाऊन बसला तर नवल काय.

निवडून कसं दिलं म्हणाल तर लॉर्ड मेयर नगरसेवक मंडळी निवडायची. आणि १८४० च्या कायद्याने नगरसेवक निवडायला मत कोणाला, तर निदान १० पौंड मूल्याची जागा असलेल्याला. म्हणजे ज्यांनी स्टाउट (गिनेसची काळी बिअर) पिऊन ह्यांना श्रीमंत केलं त्यातल्या बहुतेकांना मतच नव्हतं. फादर मॅथ्यूंची दारू सोडवायची चळवळ १८३८ पासून जोरात होती हे बरोबर, पण लोकांच्या डोळ्यात जास्त व्हिस्की खुपायची, बिअर त्यामानाने सौम्य समजायचे.

तिरकसराव:
सगळं ठीक पण तारखा बघा की. १८६० ते ६५ पडायला आलेलं कॅथेड्रल स्वतःच्या खिशातून दुरुस्त केलं, दीड लाख पौंडांच्या आसपास, १८६५ लाच खासदारकी, १८६७ ला बॅरोनेट हा सरकारी किताब. आता ह्याला भक्ती म्हणा नाहीतर प्रचार म्हणा.

मीनाक्षी_वाचते:
तिरकसराव, तारखा जुळतात मान्य, पण नुसती सीट हवी असती तर त्याच्या किती कमी पैशात मिळाली असती, तेव्हा मतं विकत घेणं काही नवीन नव्हतं. अवांतर, पुढे १८७० च्या दशकात शहरातलं दुसरं कॅथेड्रल, क्राइस्ट चर्च, हेन्री रो ह्या व्हिस्कीवाल्याने दोन लाखांच्या वर पौंड घालून दुरुस्त केलं. एक देऊळ बिअरवर आणि एक व्हिस्कीवर, भारीच शहर आहे.

तिरकसराव:
ताई, मतं विकत घेण्याचा विषय तुम्हीच काढलात म्हणून सांगतो. १८६८ ला बेंजामिन गेले आणि त्यांच्याच जागेवर मुलगा आर्थर एडवर्ड निवडून आला, मग त्याच वर्षीच्या सार्वत्रिक निवडणुकीत परत आला, आणि १८६९ ला कोर्टाने ती निवडणूक रद्द केली कारण एजंटने पैसे वाटले होते. मालकाला काही माहीतच नव्हतं, असं कोर्टाचं म्हणणं, माझं नाही.

मीनाक्षी_वाचते:
😀 पण तोच आर्थर १८७४ ला परत निवडून आला. आणि सेंट स्टीफन्स ग्रीन, जिथे आधी फक्त आजूबाजूच्या किल्लीवाल्या घरमालकांनाच आत जाता यायचं, ती बाग त्याने पैसे घालून १८८० ला सगळ्यांना खुली केली, हे पण लिहा की.

कडूकॉफी:
मस्त माहिती, धन्यवाद सगळ्यांना. असा ब्रुअरीवाला पुढारी दुसरीकडे कुठे झालाय का?

जुनं_दप्तर:
झालेत की. न्यूयॉर्कचा जेकब रूपर्ट बघा, घरचीच ब्रुअरी, १८९९ ते १९०७ अमेरिकन काँग्रेसमध्ये होता. १९२० ला देशभर दारूबंदी आली तेव्हा राजकारण सोडून बरीच वर्षं झाली होती, पण १९१५ ला भागीदारीत यँकीज ही बेसबॉल टीम घेऊन ठेवलेली. बंदीच्या काळात ब्रुअरीत जवळजवळ बिनअल्कोहोलची बिअर, आणि मैदानावर यँकीजचा गाजलेला खेळाडू बेब रूथ.