लुई थेरूचं काय पाहू? (स्वतः कॅमेऱ्याच्या चौकटीत शिरणारे माहितीपटकार सुचवा)

शेवटचा_बाक: ब्रिटिश माहितीपटकार लुई थेरूचा 'माय सायंटॉलॉजी मूव्ही' (२०१५) पाहिला आणि थोडं फसल्यासारखं वाटलं. सायंटॉलॉजी पंथातले लोक त्याला दारातही उभं करत नाहीत, मग नट आणून प्रसंग उभे केलेत. माणूस मात्र आवडला. जुनं काय पाहू? आणि असे आणखी कोण आहेत?

उंबरठा: नेमकं उलट्या टोकाने सुरू केलंत की! त्याची गंमत समोरासमोर बसण्यात आहे. 'द मोस्ट हेटेड फॅमिली इन अमेरिका' (२००७) घ्या. कॅन्ससमधल्या टोपेकाचं वेस्टबरो बॅप्टिस्ट चर्च, म्हणजे बहुतेक एकच कुटुंब. सैनिकांच्या अंत्यविधीबाहेर द्वेषाचे फलक घेऊन उभं राहायचं, हा यांचा धर्म. थेरू त्यांच्या घरात शिरून शेजाऱ्यासारखा 'पण असं का?' विचारत राहतो. २०११ आणि २०१९ चे पुढचे भागही पाहाच, कारण मध्यंतरी कोण कोण घर सोडून गेलं ते कळतं.

नाकतोडा: मला तो भाबडेपणा सोंग वाटतो. सोंग कुठे उघडं पडतं ते पाहायचं तर २००० चा ब्रिटिश टीव्ही सूत्रसंचालक जिमी सॅव्हिलवरचा भाग. लहान मुलांच्या लैंगिक शोषणाच्या अफवांबद्दल तोंडावर विचारलं, तरी म्हातारा निसटला. तो २०११ मध्ये मेला आणि मग त्याचे अत्याचार बाहेर आले. २०१६ च्या 'सॅव्हिल'मध्ये थेरू पीडितांसमोर बसून 'मी कसा गंडलो' हे शोधतो. दोन्ही लागोपाठ पाहा.

उंबरठा: सोंग असेल, पण 'लुई अँड द नाझीज' (२००३) आठवा. स्किनहेड (डोकं भादरलेले नवनाझी) विचारतात, तू ज्यू आहेस का? 'नाही' म्हटलं की सुटका होती. हा उत्तरच देत नाही! वातावरण असं तापतं की आपल्याच घशाला कोरड पडते.

सरवा: निक ब्रूमफील्ड राहिला. हेडफोन लावून, हातात माइकचा दांडा घेऊन स्वतःच फिरतो. १९९१ च्या 'द लीडर, हिज ड्रायव्हर अँड द ड्रायव्हर्स वाइफ'मध्ये दक्षिण आफ्रिकेतल्या गोऱ्या वर्चस्ववाद्यांच्या नेत्याला मुलाखतीसाठी मुद्दाम ताटकळत ठेवतो. नेता जो भडकतो!
माझी लाडकी मात्र फ्रेंच दिग्दर्शिका आन्येस वार्दा. 'द ग्लीनर्स अँड आय' (२०००) सरवा, म्हणजे कापणीनंतर शेतात राहिलेलं पीक, वेचणाऱ्यांवर आहे. छोट्या कॅमेऱ्याने ती मध्येच स्वतःचा सुरकुतलेला हात टिपते.

शेवटचा_बाक: आयडीचं कोडं सुटलं :) आज रात्री टोपेका. वार्दाला सबटायटल्स लागतील ना?

सरवा: फ्रेंच येत नसेल तर हो.