वारसनोंदीच्या अर्जावर निर्णयच होत नाही. उच्च न्यायालयात जाता येईल का?

प्रश्न : वडिलांच्या निधनानंतर वारसनोंदीसाठी तलाठी कार्यालयात दिलेला अर्ज, कोणाची हरकत नसतानाही, वर्षभर पडून आहे. अपील करावे, तर आव्हान द्यायला आदेशच नाही. काय करावे?

उत्तर १ : महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, १९६६ च्या कलम २४७ खालील अपिलाला आदेश लागतो, हे खरे, म्हणूनच निव्वळ निष्क्रियतेविरुद्ध संविधानाच्या अनुच्छेद २२६ खाली उच्च न्यायालयात रिट याचिका (अधिकाऱ्याला कर्तव्य बजावण्याचा आदेश द्यावा, अशी मागणी) करता येते. मात्र न्यायालय सहसा स्वतः नोंद मंजूर न करता, ठरावीक मुदतीत अर्ज निकाली काढण्याचाच आदेश देते.

उत्तर २ : त्याआधी तहसीलदारांना लेखी स्मरणपत्र देऊन पोच जपावी, मागणीचा पुरावा नसेल तर याचिका लंगडी पडते.

उत्तर ३ : सातबारावर नाव लागल्याने मालकी सिद्ध होत नाही, भावंडांत हिश्शाचा वाद असेल तर दिवाणी न्यायालयातच जावे लागेल.