आत्याला ल्योनमध्ये काय खाऊ घालायचं? (घरच्या ग्रुपवरून)

मृण्मयी: मंडळी, मदत हवीय. ऑगस्टात आई-बाबा आणि आत्या इकडे येतायत, तर आत्याला बाहेर काय चालेल याची चाचपणी मी आत्तापासून सुरू केलीय. आज ऑफिसखालच्या कॅफेत क्रोक-मस्यो मागवला, हॅम न घालता. वेटर म्हणाला, काहीच प्रश्न नाही. त्याला खरंच काही प्रश्न पडला नाही. हॅम काढलं आणि बाकीचं होतं तसं आणून ठेवलं. दोन ब्रेड, मध्ये व्हाइट सॉस, वर व्हाइट सॉस, त्यावर चीज. सुरी लावली तर भिजलेल्या पुठ्ठ्यासारखा बसला खाली. चव म्हणाल तर तापातून उठलेल्या माणसाला देतात तसली.

सुहासकाका: क्रॉक मॉन्सिअर ना? म्हणजे आपलं चीज टोस्टच की.

मृण्मयी: काका, क्रोक-मस्यो. क्रोके म्हणजे करकर चावणं, मस्यो म्हणजे साहेब. चौकोनी मऊ ब्रेड असतो, त्यात शिजवलेल्या हॅमचा पातळ काप, ग्रुयेर किंवा एमेंटाल चीज, बेशामेल, म्हणजे आपला व्हाइट सॉस. वरून परत चीज घालून ओव्हनमध्ये तांबूस करतात. विसाव्या शतकाच्या सुरुवातीपासून पॅरिसच्या कॅफेंमध्ये मिळतो. वर तळलेलं अंडं ठेवलं की तोच क्रोक-मादाम.

आत्या: मला साहेब नको आणि बाईसाहेबही नकोत. मी दशम्या घेऊन येणार आहे.

मृण्मयी: आत्या, तीन आठवडे दशम्या?

आत्या: चटणी पण आणीन.

ओंकार: मृण्मयीताई, तुझ्या वेटरने हॅम काढलं, पण हॅमचं काम कोणाला दिलं नाही. आमच्या कॉलेजच्या किचनमध्ये हाच घोळ झाला होता. सगळ्यांनी हॅमऐवजी स्मोक्ड पेपरिका मारली, सर वैतागले. कारण क्रोकमध्ये घालतात ते जांबों ब्लां, मिठाच्या पाण्यात मुरवून शिजवलेलं, धूर न दिलेलं. धुराचा वास त्यात मुळात नसतोच. त्याची कामं दोन. एक, मीठ. सॉस गोडसर, ब्रेड गोडसर, त्यात खारट तेवढं हॅम आणि चीज. दुसरं, दाताला काहीतरी लागणं. तुझ्या त्या पुठ्ठ्यात चावायला होतं काय?

मृण्मयी: काही नव्हतं. मग काय घालू? इथे मशरूमवाला मिळतो, क्रोक फोरेस्तिए म्हणतात.

ओंकार: मशरूम बेस्ट. फक्त त्यात नव्वद टक्क्यांच्या वर पाणी असतं. पातळ काप कर, तवा कडक तापव, आधी तेल नाही, मीठ नाही. पाणी सुटेल, ते आटेल, मग तव्यावर चर्र आवाज यायला लागेल. तेव्हा बटर, मीठ, मिरपूड. दोनशे ग्रॅमचे मूठभर होतात. घाई केलीस तर तेच पाणी ब्रेडमध्ये जाणार.

आत्या: अळंबी मी खात नाही. आणि ऑगस्टात चातुर्मास आहे हे कोणाच्या लक्षात आहे का? आज कांदेनवमी. इथे घरात कांद्याची थालीपिठं चाललीयत, उद्यापासून कांदा, लसूण, वांगं बंद.

मृण्मयी: अरे देवा. मी आता बटरमध्ये परतलेला लीक सुचवणार होते.

आत्या: लीक म्हणजे?

आई: पातीचा कांदाच तो, जाडजूड. बाद.

सुहासकाका: वांग्याचे काप?

आत्या: सुहास, आत्ताच काय लिहिलं मी?

ओंकार: लाल ढोबळी मिरची. गॅसवर धरून साल काळी करायची, झाकून ठेवायची, साल ओढून काढायची. आतले पट्टे टिपून कोरडे करायचे. जाड असतात, पिळवटत नाहीत, दाताखाली येतात. वर मीठ जरा सढळ हाताने. टोमॅटो घातला तर तिकडे त्याला क्रोक-प्रोव्हांसाल म्हणतात, पण टोमॅटो पाण्याचा गोळा. घालायचाच तर काप करून, मीठ लावून ओव्हनमध्ये तासभर सुकवायचे.

आत्या: ढोबळी चालेल.

मृण्मयी: हुश्श. म्हणजे हॅमचं झालं. आता खरी अडचण सांगते, बसून वाचा. संध्याकाळी चीजच्या दुकानात गेले होते. काउंटरवरच्या बाईंना सांगितलं, मांस न खाणाऱ्यांसाठी हवंय. त्यांनी विचारलं, "प्रेझ्युर चालते का त्यांना?" दूध विरजायला, म्हणजे फाडायला, जे घालतात ते. वासराच्या चौथ्या पोटातून काढतात. कॉम्ते, स्विस ग्रुयेर, यांच्या नियमातच ते लिहिलेलं आहे, दुसरं काही घालून चालत नाही. पार्मेसानचंही तेच. मला वाटत होतं हॅम काढलं की गंगेत घोडं न्हालं.

आत्या: वासराच्या???

आई: थांब. कॉम्ते म्हणजे तू दिवाळीत आणलं होतंस तेच ना?

मृण्मयी: हो.

आई: यांनी संपूर्ण आठवडा पोळीबरोबर खाल्लं. मला म्हणाले, सुनीता, हे खरं चीज.

ओंकार: बाबाकाका ऑनलाइन दिसतायत.

सुहासकाका: दादा टाइप करतोय.

सुहासकाका: दादाने टाइप करणं थांबवलं.

बाबा: चव चांगली होती.

आत्या: दादा!

बाबा: माहीत नव्हतं. आता माहीत झालं. मृण्मयी, कॉम्तेच्या त्या चाकासारख्या एका गोल लादीला किती दूध लागतं म्हणाली होतीस?

मृण्मयी: साधारण चारशे लिटर, बाबा. चाक चाळीस किलोच्या आसपास. किमान चार महिने मुरवतात. पण विषय बदलू नका 😄 चांगली बातमी अशी की सगळं चीज तसं नसतं. सुपरमार्केटमधल्या साध्या एमेंटालच्या बऱ्याच पाकिटांवर "कोआग्युलां मिक्रोबियां" असं छापलेलं असतं, म्हणजे बुरशीपासून केलेलं. "प्रेझ्युर" एवढंच लिहिलं असेल तर ते प्राण्याचं. मी मोबाईलचा टॉर्च लावून वीस मिनिटं पाकिटं उलटी करून वाचत उभी होते. शेजारी एक आजोबा माझ्याकडे बघत होते, मग त्यांनीही आपलं पाकीट उलटं केलं.

आत्या: आणि इथलं? मी नातवाला डब्यात अमूल देते.

ओंकार: अमूलचं मायक्रोबियल रेनेटचं असतं, म्हणजे तेच बुरशीपासून केलेलं, आत्या. पाकिटावर हिरवा ठिपका बघायचा. फ्रान्समध्ये तो ठिपका नाही, म्हणून ताईला वाचत बसावं लागतं.

आत्या: बरं. पण पाकिटाचा फोटो पाठव. मोठा करून बघीन.

मृण्मयी: पाठवते. आता सॉस. माझ्या गुठळ्या होतात.

आई: आजी सांगतायत, मी टाइप करते. "पिठल्याला होतात तशाच ना? मग उपाय पण तोच. बेसन भाजतो तसा मैदा लोण्यात भाज, पण रंग येऊ द्यायचा नाही, कच्चा वास गेला की पुरे. दूध एकदम ओतू नकोस. पळीभर घाल, घोट, मग पुढची पळी. आणि पिठल्यासारखं पळीवाढं नको, ब्रेड ओला होईल. चमचा फिरवला की तळ दिसला पाहिजे."

ओंकार: आजी बरोबर! माप: ३० ग्रॅम बटर, ३० ग्रॅम मैदा, ३०० मिली दूध. चार सँडविचना पुरतं. शेवटी जायफळ.

आई: आजी विचारतायत, "व्हाइट सॉसमध्ये जायफळ? श्रीखंडात घालतो ते?"

ओंकार: तेच. फ्रेंच लोक जायफळाशिवाय बेशामेल करतच नाहीत म्हटलं तरी चालेल.

आई: "मग मृण्मयीला सांग पूड विकत घेऊ नकोस. आख्खं घे, दोन-तीन वेळा किसणीवर फिरव, जास्त नको, झोप येते." आजी आता उठून सहाण शोधायला गेल्यात, कशासाठी ते माहीत नाही.

सुहासकाका: फॉरवर्ड आलाय, व्हाइट सॉस इटलीच्या राजकन्येने फ्रान्सला नेला.

ओंकार: काका, ती दंतकथा आहे. नाव पडलं लुई द बेशामेयवरून, चौदाव्या लुईच्या पदरी होता. त्यालाही स्वयंपाक येत होता असं नाही.

सुहासकाका: बरं, फॉरवर्ड मागे घेतो.

मृण्मयी: शेवटचं एक. ब्रेडला आतून दिजों मोहरी लावतात. आत्या, बरणीवर पाणी, मोहरी, व्हिनेगर, मीठ लिहिलेलं असतं. बुर्गोन्य मोहरी मात्र घेणार नाही, तिच्यात व्हाइट वाइन असते. २०२२ मध्ये तर इथे मोहरीच मिळत नव्हती. आदल्या वर्षी कॅनडात दुष्काळ पडला आणि यांची बरीचशी मोहरी तिथून येते. दुकानात एका माणसाला एकच बरणी, अशा पाट्या लागल्या होत्या.

आत्या: व्हिनेगर तरी कशाला? मोहरी फेसून दे की.

मृण्मयी: ती काकडीच्या कोशिंबिरीत असते ती?

आत्या: तीच. लोणच्याची मोहरीची डाळ घे, म्हणजे सालं नसतील. मिक्सरला कोरडी फिरव. थोडं थोडं गार पाणी घालून चमच्याने एकाच दिशेने फेस. गार म्हणजे गार. गरम पाणी घातलंस तर झणका मरतो आणि नुसती कडू लागते. नाकाच्या शेंड्याला झोंबलं की थांब. मीठ, चिमूटभर साखर, लिंबू. आणि फेसून दहा मिनिटांत लाव, ठेवून दिलीस तर उतरते.

ओंकार: आत्या, दिजोंवालेही साल काढूनच करतात. तुझी रेसिपी आमच्या सरांना देतो.

आत्या: माझं नाव सांग.

(रविवार)

मृण्मयी: केला! ऐका. ब्रेडच्या आतल्या बाजूंना आधी हलका टोस्ट दिला, ही माझी अक्कल, त्यामुळे सॉस आत शिरला नाही. मग फेसलेली मोहरी, मग भाजलेली ढोबळी, मग किसलेलं एमेंटाल. वरच्या ब्रेडवर सॉसचा पातळ थर, कडेपर्यंत, कारण उघडी कड जळते. त्यावर परत एमेंटाल. २०० डिग्रीला दहा मिनिटं, मग वरची ग्रिल दोन मिनिटं. ग्रिल लावल्यावर तिथून हलायचं नाही. मी पहिल्या वेळी फोन घेतला तर एका कोपऱ्याचा कोळसा. दुसऱ्या वेळी चीजला बुडबुडे आले, मग ते तपकिरी ठिपके झाले, आणि ब्रेडच्या कडेने चीज वितळून खाली ट्रेवर पडलं त्याची जाळीदार चकली झाली. ती मी उभ्या उभ्या खाल्ली. सुरी लावली तर करकर आवाज आला. साहेब नसला तरी क्रोक आहे.

आत्या: मीठ बरोबर होतं?

मृण्मयी: पहिल्यात कमी. दुसऱ्यात ढोबळीवर पण घातलं, सॉसमध्ये पण. मग बरोबर.

आई: इथेही झाला. आजींनी माळ्यावरून तो लांब दांड्याचा गॅसवरचा टोस्टर काढायला लावला. अमूलचं चीज, घट्ट सॉस, जायफळ सहाणेवर उगाळून. वर सॉस लावता येत नाही, सगळं आतच. कडा छान मिटल्या. आजींचं मत, "बरंय. हिरवी मिरची पाहिजे."

मृण्मयी: आजी, तसलाच ॲल्युमिनियमचा टोस्टर मी इथल्या जुन्या बाजारात बघितला होता! क्रोक-मस्योचाच म्हणून विकत होते.

ओंकार: फक्त काकू, अमूलचे क्यूब प्रोसेस्ड असतात, मऊ वितळतात पण वरून तांबूस होत नाहीत. ओव्हनमध्ये करायचा तर हिरव्या ठिपक्याचं गौडा आण.

आत्या: मृण्मयी, दशम्या निम्म्या आणते.

आई: आणि एक. कॉम्तेचा तळहाताएवढा तुकडा अजून फ्रीजरमध्ये आहे. यांना विचारलं तर म्हणाले मला विचारू नकोस. त्याचं काय करू?

सुहासकाका: वहिनी, मी शनिवारी नाशिकहून निघतोय. हात लावू नका त्याला.