सहावीच्या पोरांना कचरा डेपो दाखवायला न्यायचं की नाही?

कृष्णाकाठ_सांगली:
मुलीच्या शाळेनं सहावीच्या वर्गाला समडोळी रोडच्या कचरा डेपोवर न्यायचं ठरवलंय आणि पालकांच्या ग्रुपवर कालपासून नुसता गोंधळ, वास येतो, इन्फेक्शन होईल, सहल कुठं काढायची ते कळतं का यांना वगैरे. माझं स्पष्ट मत, नेलंच पाहिजे. पोरं स्पर्धेत हिरवा डबा निळा डबा झकास रंगवतात पण आपल्या घरच्या पिशवीचं पुढं काय होतं ते एकानंही बघितलेलं नसतं. ओला कचरा ढिगाखाली दबला की हवा मिळत नाही, मिथेन होतो, त्यानं उन्हात ढीग पेटतात आणि धूर आसपासच्या वस्तीत जातो. हे नुसतं पाठ करून डोक्यात शिरत नाही.

मिरजेची_आई:
दादा मी नाही पाठवणार. माझ्या पोराला दमा आहे. आणि दरवेळी शिकायचं पोरांनीच का? 2016 च्या घनकचरा नियमातच ओला, सुका आणि घरातला घातक कचरा वेगळा देणं ज्याच्या घरातून कचरा निघतो त्याच्यावर टाकलं होतं, म्हणजे तुमच्या माझ्यावर. आम्ही वेगळा देतो तर गाडीत दोन्ही एकत्र ओततात, पोरगं गॅलरीतून बघतं आणि विचारतं मग आपण वेगळा कशाला केला? काय उत्तर देऊ?

विश्रामबागकर:
गाडीत एकत्र होतं म्हणून आपण सोडून द्यायचं का ताई? कराड 2020 च्या स्वच्छ सर्वेक्षणात एक लाखाच्या आतल्या शहरांत देशात पहिलं आलं, इथून फार लांब नाही, त्यांना जमतं.

घंटागाडीवाल्याचा_पोरगा:
माझे वडील गाडीवर आहेत. पिशवीत फुटलेली ट्यूब, वापरलेलं पॅड कागदात पण न गुंडाळता, हात कापला की चिंधी बांधायची आणि पुढच्या दारात शिट्टी. 2019 च्या पुरानंतर भिजलेल्या गाद्या आणि कुजलेलं धान्य कुणी उचललं आठवा. डेपोवर पोरं नाक दाबून फोटो काढणार आणि घरी येणार, मला ते बघवणार नाही. त्यापेक्षा वडिलांना वर्गात बोलवा, खुर्ची द्या, तासभर बोलू द्या.

कृष्णाकाठ_सांगली:
भावा हे एकदम मान्य, शाळेत उद्याच बोलतो. पण डेपो पण बघू दे. आधी वडिलांचं ऐकून गेली तर नाक दाबणार नाहीत असं मला वाटतं. ताई, दमा असेल तर नकाच पाठवू.

मिरजेची_आई:
वर्गात बोलवताय तर आम्हा पालकांना पण बसवा. डेपोचं माझं नाहीच आहे.