जुवेनालचे तिसरे उपहासकाव्य: ग्रीकांविषयीचा राग कवीचा की पात्राचा?

प्रश्न (दापोलीचा वाचक)

आमच्या दापोलीतील वाचनमंडळात गेले दोन शनिवार प्राचीन रोमन कवी जुवेनालच्या तिसऱ्या उपहासकाव्याचे वाचन चालू आहे. इंग्रजी भाषांतर समोर ठेवून मी मराठीत अर्थ सांगतो, कारण लॅटिन मला जुजबीच येते. उंब्रिशियस नावाचा गृहस्थ रोमला विटून समुद्रकाठच्या क्युमी या जवळजवळ ओस पडलेल्या गावी कायमचा निघाला आहे. त्याचा सगळा संसार एकाच गाडीवर चढवला जात आहे आणि तोवर तो कापेना वेशीपाशी थांबून कवीला शहराविषयीची गाऱ्हाणी ऐकवतो: पडायला आलेली घरे, आगी, रात्रभर चाललेल्या गाड्यांच्या खडखडाटामुळे उडालेली झोप आणि सर्वांवर कडी म्हणजे बाहेरून येऊन बस्तान बसवलेले ग्रीक व सिरियन लोक.

मंडळात मुंबईत तीस-पस्तीस वर्षे नोकरी करून गावी परतलेले चार-पाच जण आहेत. भाडे आणि झोप यांविषयीच्या ओळींना त्यांनी माना डोलावल्या, यात नवल नाही. परंतु ग्रीकांना घातलेल्या शिव्यांनाही एका सदस्याने ‘अगदी आमच्या मनातले बोलला’ अशी दाद दिली, तेव्हा मी पुढे वाचायचा थांबलो. हा द्वेष जुवेनालचा स्वतःचा समजायचा की त्याने तो पात्राच्या तोंडी घालून पात्राचीच फजिती केली आहे? आधुनिक अभ्यासकांचे याविषयी काय मत आहे?

उत्तर १ (जुनी वही)

गेल्या सत्तर वर्षांतील रोमन उपहासकाव्याचा बराचसा अभ्यास याच प्रश्नाभोवती फिरला आहे. गिल्बर्ट हायेट यांनी 1954 मध्ये जुवेनालवर जो ग्रंथ लिहिला, त्यात कवितेतील संताप हा कवीच्या आयुष्यातील कटू अनुभवांतून आलेला मानून त्या आधारे त्याचे चरित्रच उभे केले होते. त्यानंतर अल्विन कर्नन यांनी 1959 मध्ये इंग्रजी उपहासकाव्याच्या संदर्भात आणि विल्यम अँडरसन यांनी 1964 मध्ये थेट जुवेनालच्या संदर्भात असे मांडले की, कवितेत रागावणारा ‘मी’ हा कवीने चढवलेला मुखवटा असतो आणि त्या ‘मी’चा तोल ढळलेला आहे हे वाचकाला दिसावे, अशीच त्याची घडण असते. सुझॅना ब्राउंड यांनी 1988 मध्ये दाखवले की जुवेनालच्या पुढच्या पुस्तकांत हा संताप निवळून त्याची जागा थंड उपरोध घेतो, म्हणजे आवाज निवडलेला आहे.

मराठी वाचकाला हे समजायला जड जाऊ नये. एकनाथांच्या भारुडांत कधी मुका बोलतो, कधी बहिरा, कधी जोशी, कधी वासुदेव, आणि म्हणून नाथ स्वतः बहिरे होते असे कोणी म्हणत नाही.

उत्तर २ (खाडीकाठ)

सिद्धांत बाजूला ठेवून संहितेत काय आहे तेवढेच सांगतो. 41 व्या ओळीत उंब्रिशियस ताठ मानेने म्हणतो की रोममध्ये मी काय करू, मला खोटे बोलता येत नाही. ग्रीकांच्या लाळघोटेपणावर तो तोंडसुख घेतो, आणि 92 व्या ओळीपाशी त्याच्या तोंडून निसटते की हीच स्तुती आम्हालाही करता येते, पण विश्वास बसतो तो त्यांच्यावर. खोटेपणाची चीड वगैरे काही नाही. आपले खोटे खपत नाही, हे त्याचे खरे दुखणे आहे.

पुढे 203 व्या ओळीपासून कोड्रसचा प्रसंग आहे, तो मंडळात सावकाश वाचा. आगीत सर्वस्व गमावलेल्या या गरिबाकडे होते काय, तर एक आखूड पलंग, सहा लहान सुरया आणि एका जुन्या पेटीत ग्रीक पुस्तके, ज्यांतील ‘दिव्य कविता’ अडाणी उंदीर कुरतडत होते. (आमच्या घरच्या ट्रंकेत हे काम वाळवीने केले.) ग्रीकांच्या नावाने बोटे मोडणारा माणूस ग्रीक कवितेला दिव्य म्हणतो आहे, इकडे लक्ष वेधावे. तो निघाला आहे ते क्युमी तर इटलीच्या मुख्य भूमीवरील फार जुनी ग्रीक वसाहत! आणि हे सारे तो बोलतो ते हेक्झामीटर या वृत्तात, जे होमरचे. क्विंटिलियन या रोमन वक्तृत्वशिक्षकाने मोठ्या अभिमानाने लिहून ठेवले आहे की उपहासकाव्य हे सर्वस्वी आमचे. पण जुवेनालच्या आधीच्या लुसिलियस या रोमन उपहासकवीपासून त्यासाठी रूढ झालेले वृत्त मात्र ग्रीकांकडून आलेले.

उत्तर ३ (नारळीपौर्णिमा)

वरची दोन्ही उत्तरे मान्य करूनही एक हरकत नोंदवतो. भारुडात सोंग घेणारा अंगावर वेष चढवून समोर येतो, त्यामुळे प्रेक्षकाची फसगत होत नाही. जुवेनालच्या पहिल्या उपहासकाव्यात असा वेष कुठेच नाही. तिथे कवी आपल्याच नावाने रागावतो. रोलंड मेयर यांनी 2003 मध्ये नेमके हेच विचारले, की प्राचीन वाचक तरी मुखवटा आणि कवी असा भेद करत होते का; त्यांच्या मते बहुधा नव्हते, ते कवितेतील ‘मी’ला कवीच समजत. तिसऱ्या काव्यात वक्ता निराळा आहे खरा, परंतु आरंभीच कवी त्याच्या निर्णयाची प्रशंसा करतो आणि स्वतः मात्र रोममध्येच राहतो. मुखवटा म्हटले की कवीला सगळे माफ, ही पळवाट मला पटत नाही. तुमच्या मंडळात दाद मिळाली ती मुखवट्याला मिळाली नाही, त्या शिव्यांना मिळाली.

दापोलीचा वाचक

तिघांचेही आभार. काल 92 वी ओळ आणि कोड्रसचा प्रसंग पुन्हा वाचला आणि क्युमी हे मूळचे ग्रीकांचे गाव असल्याचेही सांगितले. ज्यांनी आधी दाद दिली होती ते गृहस्थ थोडा वेळ गप्प बसले आणि मग म्हणाले, ‘म्हणजे तिथे पोचल्यावर उपरा ठरणार तो हाच. मला इथे परत येऊन नऊ वर्षे झाली, आळीत अजून चाकरमानीच म्हणतात.’ पुढच्या शनिवारी चौथे काव्य घेत आहोत. त्यात सम्राट डोमिशियनला भेट आलेल्या एका प्रचंड माशावर दरबारी मंडळींची खलबते आहेत, त्यामुळे हर्णै बंदरावरचे दोघे नवीन सदस्य येणार आहेत.