मदत हवी आहे: इराणमधल्या यझ्दजवळच्या एका खेड्याची लोकसंख्या आणि शासकीय पत्ता

नमस्कार मंडळी,

फारसी वाचता येणारं कुणी इथे असेल तर थोडा वेळ हवा आहे.

आमच्या वरच्या मजल्यावर एक इराणी आजी राहतात. वय ९१. त्यांचे वडील १९३०च्या सुमारास बोटीने मुंबईला उतरले आणि पुढे पुण्यात स्थिरावले. वडिलांचं शेनासनामे, म्हणजे तिकडचं जन्मनोंदीचं पुस्तक, आजींनी बिस्किटांच्या डब्यात जपलंय. घड्यांवर फाटत आलंय, शाई तपकिरी झालीय. त्यातले दोन शब्द नीट लागतात: तफ्त आणि मोबारके. आजींनी गाव कधी पाहिलेलं नाही. त्या एवढंच म्हणतात, "तिथे आता किती माणसं राहतात, बघ ना जरा."

मला वाटलं पाच मिनिटांचं काम. तीन आठवडे झाले.

पहिलं अडलं ते नावापाशी. मोबारके शोधलं की इस्फहान प्रांतातलं पोलाद कारखान्याचं शहर समोर येतं. ते हे नव्हे. आपलं गाव यझ्द प्रांतात, शीरकूह डोंगराच्या पायथ्याशी, डाळिंबांसाठी नावाजलेल्या तफ्तच्या आसपासचं. तिकडे एकाच नावाची गावं इतकी, की वरच्याला 'ओल्या' आणि खालच्याला 'सोफ्ला' असं जोडतात. आपलं बुद्रुक-खुर्द आठवलं. हे दोन्ही शब्द फारसीतूनच तर आलेत.

मग उतरंड. वरून खाली ओस्तान, शहरेस्तान, बख्श, देहेस्तान आणि शेवटी रुस्ता, म्हणजे गाव. ओस्तान म्हणजे प्रांत, हे कळलं. शहरेस्तानाला जिल्हा म्हणावं की तालुका? नावात शहर असलं तरी त्यात खेडी, बागा, डोंगर सगळं येतं, आणि त्याचा प्रमुख फरमानदार. बख्शवर बख्शदार. देहेस्तान म्हणजे गावांचा गट, आपल्या महसूल मंडळासारखा, असं मी धरून चालले आहे. चुकत असेन तर सांगा. कायद्याने गाव म्हणवून घ्यायला २० कुटुंबं किंवा १०० माणसं लागतात. नुसत्या शेतीच्या जागेला मजरए म्हणतात. हा शब्द वाचला आणि थबकलेच, कारण आपल्याकडे चंदगडला मजरे कार्वे आहे!

आकड्यांचं कोडं वेगळंच. जनगणनेच्या तक्त्यांवर १३८५, १३९०, १३९५ अशी इराणी वर्षं. त्यांत ६२१ मिळवले की २००६, २०११ आणि २०१६ येतात, हे कळायला मला दोन दिवस लागले.

आता मला हवंय ते असं. आजींचं गाव आज कुठल्या बख्शात आणि कुठल्या देहेस्तानात येतं? आणि तिन्ही जनगणनांतला त्याचा आकडा कुठे मिळेल?

आणखी एक शंका. माझ्या टिपणात मी 'फारसीभाषक गाव' लिहिलं होतं. आजींनी वाचून मान हलवली. त्यांच्या घरात बोलत ती दरी, यझ्दच्या जरथुश्ती लोकांची बोली, फारसीहून निराळी. फारसी शाळेची आणि कचेरीची. मग काय लिहू?

प्रतिसाद

ताई, आधी नकाशावर नाव शोधणं सोडा. इराणच्या सांख्यिकी केंद्राचे तक्ते प्रांतवार असतात. यझ्द उघडा, त्यात तफ्त, मग एकेक बख्श, एकेक देहेस्तान. गावाच्या ओळीत 'खानेवार' म्हणजे कुटुंबं आणि 'जमइयत' म्हणजे लोकसंख्या, पुढे पुरुष-स्त्रिया. हद्दी अधूनमधून बदलतात, म्हणून १३८५चा देहेस्तान १३९५ला तोच असेल असं धरू नका, तिन्ही तक्ते वेगळे तपासा. आकड्याच्या जागी चांदणी (*) दिसली तर घाबरू नका. अगदी मोजकी घरं असली की आकडा झाकतात. गाव ओस पडलं असेल तर स्पष्ट 'खाली अज सकने' लिहिलेलं असतं. हा 'खाली' म्हणजे आपल्या 'घर खाली केलं' मधलाच.

भाषेबद्दल आजींचं ऐका. जरथुश्ती मात्र धर्माच्या रकान्यात वेगळे मोजले जातात: २०११ला देशभरात २५,२७१, २०१६ला २३,१०९.

धागाकर्ती

मनापासून आभार. टिपणात 'घरी दरी, बाहेर फारसी' असं केलं. आजींनी ते दोनदा वाचून घेतलं.

तफ्तचा तक्ता उतरवून घेतलाय, पण अक्षरं बारीक आणि फारसी ४, ५, ६ आपल्यापेक्षा वेगळे दिसतात, त्यामुळे ओळ चुकेल अशी भीती वाटते. मोबारकेची ओळ म्हणून मी जी धरली आहे तिचं चित्र खाली जोडते. शेवटच्या रकान्यात आकडा आहे की चांदणी, एवढं कुणी बघून सांगाल का? रविवारी आजींकडे चहाला जायचंय.