मदत हवी आहे : वसंतराव नाईकांवरच्या शॉर्टफिल्मसाठी

पुसदकडचे आम्ही तिघं वसंतराव नाईकांवर दहा मिनिटांची शॉर्टफिल्म करतोय. गहुलीत जन्म, १९६३ ते १९७५ मुख्यमंत्री, १ जुलैला कृषिदिन, हे भाषणांतून पाठ झालंय. आम्हाला हाराखालचा फोटो नको, लोकांची आठवण हवी.

पारावरचे एक आजोबा आधी नाईकांच्या काळात आलेल्या हायब्रीड ज्वारीवरच घसरले, "भाकरीची चवच गेली बाप्पा!" मग तंबाखू मळत हळूच म्हणाले, "पण पोट तिनंच भरलं." नेमका तेव्हाच वारा सुटला अन् रेकॉर्डिंगमध्ये नुसती घरघर.

मोबाइलवरचा असा आवाज साफ होतो का? कशानं? अन् १९७२ च्या दुष्काळात खडी फोडायला गेलेलं कोणी तुमच्या घरी आहे का? बोलायला तयार असतील तर आम्ही येतो. मानधन नाही, आधीच सांगतो.